थावरातांड्याचं डीकॅपिटलाइज

देविदास राठोड सरांना कुणी काही विचारलं नव्हतं, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. थावरातांड्याच्या नव्या ग्रामपंचायत कार्यालयावर नासेर पेंटरनं बोर्ड रंगवला होता. वर मराठीत नाव, खाली तेच इंग्रजीत, अक्षरं ठसठशीत, आणि कोपऱ्यात गुलाबाचं फूल काढायचा मोहसुद्धा बिचाऱ्यानं आवरला होता. तांडा खूश होता. त्या बोर्डात काही वावगं आहे असं अख्ख्या औंढा तालुक्यात एकाच माणसाला वाटलं, आणि दुर्दैवानं तो माणूस रिटायर झालेला होता.

रिटायर झालेला इंग्रजीचा मास्तर ही काय चीज असते, ते तो ज्यांच्या शेजारी राहतो त्यांनाच ठाऊक. जवळा बाजारच्या एका शाळेत सरांनी उभी हयात इंग्रजी शिकवण्यात घालवली. तांडा बंजाऱ्यांचा, घरोघरी गोरमाटी बोलतात, वेशीबाहेर मराठी, बाजारात हिंदी, आणि एवढ्यात सगळ्यांचं भागतं. सरांचं भागत नसे. ते म्हशीलासुद्धा ‘कम ऑन’ म्हणत. कुणी लग्नाची पत्रिका द्यायला आलं की आधी खिशातला लाल पेन निघायचा, नवरा-नवरीला शुभेच्छा नंतर. थावरातांडा आणि शेजारची वाघळवाडी, या दोन्ही गावांत पन्नाशीच्या आतला असा बाप्या सापडायचा नाही, ज्याला सरांनी कधी ना कधी फळ्यापुढं उभं करून ‘डंकी’ म्हटलं नव्हतं. आपण दोन गावं घडवली, असं सर यालाच म्हणायचे.

तर बोर्ड. नासेरनं इंग्रजी नाव सगळंच्या सगळं पहिल्या एबीसीडीत लिहिलं होतं, म्हणजे मोठ्या अक्षरांत, कॅपिटलमध्ये. सरांचं म्हणणं असं, की इंग्रजीत असं लिहिलं म्हणजे माणूस ओरडून राहिला असा अर्थ होतो. शब्दाचं पहिलं अक्षर तेवढं कॅपिटल पाहिजे, बाकीची दुसऱ्या एबीसीडीतली. नासेर शिडीवरून उतरला, हात पुसले आणि म्हणाला की पंचायत आहे सर, ओरडणारच, आणि तेलरंग आता वाळला. यावर सभ्य माणसानं घरी जावं. सर गेले ते ग्रामसभेत.

पंधरा ऑगस्टची ग्रामसभा म्हणजे काय, हे ज्यांनी पाहिलं त्यांना सांगायला नको. झेंडा झाला, लेकरं बिस्किटं घेऊन पळाली, की उरतात ती ज्यांना सावली सोडवत नाही अशी माणसं. तांडा आणि वाघळवाडी मिळून पंचायत एकच. सरपंच भिकाबाई तांड्याच्या, उपसरपंच हरिचंद वाघळवाडीचा, आणि दोघांच्या मधे ग्रामसेवक वैजनाथ. सरकारनं त्याला आता ग्रामपंचायत अधिकारी असं भारदस्त नाव दिलं आहे, पण लोक ग्रामसेवकच म्हणतात आणि तोही ओ देतो. वैजनाथ प्रोसिडिंग लिहून राहिला होता. सर उठले, घसा साफ केला, बोर्डाकडे बोट केलं आणि म्हणाले, “ग्रामपंचायत कार्यालय, थावरातांडा. हे ताबडतोब डीकॅपिटलाइज करण्यात यावं.”

आता, ‘मोठी अक्षरं बारीक करा’ एवढं म्हणून चाललं नसतं का? चाललं असतं. पण मग इंग्रजी शिकून फायदा काय? हा शब्द सरांनी खास डिक्शनरीतून हुडकून आणला होता, आणि असला शब्द चारचौघांत वापरायची संधी जन्मात एकदाच येते. सभेत कुणी हूं की चूं केलं नाही. ज्याचा अर्थच कळत नाही त्याला विरोध कसा करणार? आपल्याकडचे निम्मे ठराव याच आधारावर मंजूर होतात. वैजनाथनं ऐकलं तसं लिहिलं. कार्यालय लिहिलं, थावरातांडा लिहिलं, डीकॅपिटलाइज तर दोनदा विचारून लिहिलं. राहिलं ते फक्त सरांचं बोट. बोट प्रोसिडिंगात लिहिता येत नाही. सूचक देविदास राठोड, ठराव सर्वानुमते मंजूर.

ठरावाची नक्कल तालुक्याच्या कचेरीत गेली. तिथल्या बाबूनं असला शब्द नोकरीत पहिल्यांदाच पाहिला. न कळणारा कागद दाबून ठेवावा, हा पिढ्यान्‌पिढ्यांचा शहाणपणा सोडून त्यानं मोबाइलवर अर्थ शोधला. निघालं, ‘राजधानीचा दर्जा काढून घेणे’. तांडा कुठली राजधानी, हे त्यालाही कळत होतं. पण कार्यालय तिथं म्हणजे मुख्यालय तिथं, आणि मुख्यालय म्हणजे पंचायतीची राजधानीच की. ग्रामसभा स्वतःच म्हणते काढा, तर काढा. गावानं मागितलं आणि कचेरीनं लगोलग हालचाल केली असं आमच्याकडे कधी होत नाही. ते झालं नेमकं इथं.

ही खबर हरिचंदनं कचेरीच्या आवारात चहा पिता पिता उचलली. दुसऱ्याच दिवशी तो चार माणसं, शाल आणि नारळ घेऊन सरांच्या ओसरीवर हजर झाला. सरांच्या इंग्रजीनं वाघळवाडीचं भाग्य उजळलं, असं इंग्रजी आता पाहायला मिळत नाही, अशी त्यानं सुरुवात केली. कशाबद्दल, हे सरांनी विचारलंच नाही. आयुष्यभर ज्याची वाट पाहिली ते दारात आल्यावर कोण विचारतं? रूपाबाई, म्हणजे सरांच्या मंडळी, आतून म्हणाल्या की या हरिचंदनं आजवर कुणाला तंबाखूची चिमूट फुकट दिली न्हाई, मग शाल काहून देऊन राहिला? सरांनी त्यांना ‘प्लीज’ म्हणून गप्प केलं. शाल पांघरली, इंग्रजीच्या ऱ्हासावर चांगलं लांबलचक भाषण केलं. फोटो निघाला आणि सरांनी तो स्वतःच्या हातानं तांड्याच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला.

आणि संध्याकाळी वैजनाथकडे कचेरीचं पत्र आलं. ग्रामसभेच्या मागणीनुसार पंचायतीचं मुख्यालय थावरातांड्याहून वाघळवाडीला हलवण्यात येत आहे.

हे कार्यालय तांड्याला काय होतं ते सांगितलं पाहिजे, नाहीतर वाचणाऱ्याला वाटायचं एका खोलीसाठी काय एवढा तमाशा. आधी कार्यालय वाघळवाडीला होतं. दाखला पाहिजे, ओढा ओलांडा. सही पाहिजे, ओढा ओलांडा. तिथं ओट्यावर तांड्याच्या माणसानं चढायचं नाही असं कुठं लिहिलेलं नव्हतं, पण पायरीखाली उभं राहायची सवय सगळ्यांना लावलेली होती. ‘दुपारून ये’, ‘उद्या ये’, आणि तेही अरेतुरे करून. रस्त्याकडेची जागा मिळवून, तांड्याचे प्रमुख असलेल्या म्हाताऱ्या नायकांनी जिल्ह्याला, हिंगोलीपर्यंत चपला झिजवून ते कार्यालय तांड्यात आणलं होतं. तांड्याची म्हातारीसुद्धा आता खुर्चीवर बसून दाखला घ्यायची. ते एका शब्दानं गेलं, आणि तो शब्द काढणारा माणूस वाघळवाडीची शाल पांघरून दात काढत फोटोत उभा.

मग काय विचारता. त्यात कचेरीतल्या दुसऱ्या टेबलानं आपला वेगळा अर्थ काढला. ते टेबल हिशेबाचं. त्याला कॅपिटल म्हणजे भांडवल एवढंच माहीत. म्हणून त्यानं कळवलं की भांडवल काढून घ्या असा ठराव असल्यानं कार्यालयाच्या राहिलेल्या कामाचा निधी थांबवण्यात आला आहे. म्हणजे मागच्या भिंतीचा गिलावा गेला आणि संडासाचं दार गेलं. तिसरा अर्थ काढला तो सरांच्या शेजाऱ्यानं, रूपसिंगनं. हा पिठाच्या गिरणीवाला. मुलीच्या शाळेत इंग्रजी असल्यामुळं त्यालाही थोडं कळतं, आणि थोडं कळणारा माणूस सगळ्यात वाईट. त्यानं गिरणीत बसून सांगितलं की डीकॅपिट म्हणजे मुंडकं उडवणे. आणि पंचायतीचं मुंडकं म्हणजे कोण, तर सरपंच. भिकाबाईंना वाटलं हा आपल्यावरचा अविश्वासाचा ठराव आहे. त्या तडक सरांच्या दारात आल्या आणि माझं मुंडकं तुमच्या कोणत्या वावरात आडवं आलं होतं, असं उभ्या उभ्या विचारून गेल्या. सर त्यांना ‘डीकॅपिटेट’ आणि ‘डीकॅपिटलाइज’ यातला फरक समजावून सांगत होते. त्यांची पाठ फिरली तरी सांगतच होते.

अशा वेळी माणसानं गप्प बसावं. सरांनी ग्रुपवर खुलासा टाकला, तोही इंग्रजीत. त्यानंतर तांड्यानं सरांशी बोलणं सोडलं. दुधवाला सरांचं घर ओलांडून पुढं जायला लागला. रूपाबाई ज्वारीचा डबा घेऊन गिरणीत गेल्या, तर रूपसिंग पट्टा चढवता चढवता म्हणाला की वहिनी, दळण वाघळवाडीहून आणा, तिथं शाल पण भेटते. त्या भरला डबा तसाच परत घेऊन आल्या. सरांपुढं ठेवला आणि म्हणाल्या, “घ्या. ह्याला इंग्रजी खाऊ घाला.”

सरांना वाईट वाटलं, पण कशाचं? तर एवढा अचूक शब्द आणि कुणाला कदर नाही, याचं. दुसऱ्या दिवशी त्यांनी ती जाडजूड डिक्शनरी काखेत मारली, वैजनाथला मोटारसायकलवर घातलं आणि तालुक्याची कचेरी गाठली. बाबू मोठा सालस निघाला. त्यानं सरांना बसवलं, डिक्शनरी उघडली, आणि तिथंच घोटाळा झाला. डिक्शनरीत अर्थ तीन. पहिला भांडवल काढून घेणे, दुसरा राजधानीचा दर्जा काढून घेणे, आणि सरांचा अर्थ तिसरा, तळाशी, बारीक टायपात.

“म्हणजे सर, आमचे दोन्ही टेबल बराबर हायेत,” बाबू म्हणाला. “उलट तुमचाच नंबर शेवटला.”

सर म्हणाले की शब्द माझा आहे, अर्थ मी सांगतो. बाबू म्हणाला की शब्द तुमचा होता, पण तुम्ही तो ग्रामसभेला दिला, आता तो ग्रामसभेचा. तिला कोणता अर्थ पाहिजे ते तिनं विशेष सभा घेऊन मतदानानं ठरवावं. नाहीतर दुसरी एक वाट आहे. सूचकानं शब्दच चुकीचा वापरला असेल तर ठरावच मुळात बाद होतो. पण इंग्रजीचा मास्तर इंग्रजी चुकतो हे साहेबांना पटायचं नाही, ग्रामसभेनं तसं ठरावात लिहून दिलं पाहिजे, की यांना इंग्रजी येत नाही. हे ऐकून सर असे ताडकन उठले की डिक्शनरी टेबलावरच राहिली, ती वैजनाथनं उचलून आणली.

घरी येऊन त्यांनी मतदानाचं तेवढं सांगितलं. दुसरी वाट गिळून टाकली. आणि मग हा माणूस आपल्या अर्थाचा प्रचार करायला घरोघर फिरू लागला. जगात आजवर पक्षाला मतं मागितली, जातीला मागितली, कुणी क्रियापदाच्या तिसऱ्या अर्थाला मागितली नसतील. ज्यांना वर्गात ‘डंकी’ म्हटलं त्यांच्यापुढं सर हात जोडून उभे राहायचे आणि ते लोक फार गंभीर चेहऱ्यानं सरांना शब्दाचं स्पेलिंग विचारायचे. कुणी म्हणे गिलावा नको पण मुंडकं उडवायला मत देतो, कारण भिकाबाईंनी त्याच्या नळाचं कनेक्शन तोडलं होतं. हिशेब लावला तर तांड्याचीच मतं चार जागी फुटत होती, आणि वाघळवाडी मोठं गाव, तिचं प्रत्येक मत दुसऱ्या अर्थाला.

सभेच्या आदल्या संध्याकाळी भिकाबाई पुन्हा आल्या. या खेपेला शांत होत्या, ओसरीवर बसल्या. वैजनाथनं त्यांना कचेरीतली दुसरी वाट सांगून टाकली होती.

“सर, मतदानात आपलं चालायचं न्हाई,” त्या म्हणाल्या. “मंग म्हणा की, इंग्रजी येत न्हाई म्हणून.”

“भिकाबाई, मला गोळी घाला, पण हे म्हणायला लावू नका.”

“गोळी घालून कार्यालय ऱ्हायलं असतं तर मी इतकी बसले नसते.”

सर म्हणाले, जन्मभर मी दुसरं काय केलं? माझ्याजवळ जमीन नाही, पुढारीपण नाही, हे एवढंच आहे. रूपाबाई दारात उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, “तुमाला मास्तरकीसाठी रहिवासी दाखला पाहिजे होता तवा बापू वाघळवाडीच्या पायरीखाली दिवसभर उनात उभे होते. घरी येऊन ते तुमाला म्हणले का, माझी इज्जत गेली म्हणून?”

बापू म्हणजे सरांचे वडील. त्यांनी त्या दिवशी घरी येऊन फक्त पाणी मागितलं होतं आणि दाखला डोक्याच्या पटक्यातून काढून मुलाच्या हातात दिला होता. घामानं तो ओला झाला होता. सरांना ते आठवलं आणि आपली लाज वाटली. ते म्हणाले, बरं.

सभेला वाघळवाडी ट्रॅक्टर भरभरून आली. हरिचंद पांढराशुभ्र, पुढच्या रांगेत. भिकाबाईंनी सभा सुरू केली आणि सांगितलं की अर्थावर मतदान नंतर, आधी सरांना दोन शब्द बोलायचे आहेत. हरिचंदनं मोठ्या मनानं टाळी वाजवली. सर आता आपल्याच बाजूनं बोलणार, अशी त्याची खात्री.

सर उभे राहिले. घसा साफ केला. कागद काढला, पुन्हा खिशात घातला.

“मागच्या सभेत मी जो शब्द वापरला, तो चुकीचा होता,” ते म्हणाले. “कारण, मला इंग्रजी येत नाही.”

सर तसेच उभे राहिले, कारण आता कुणीतरी उठेल असं त्यांना वाटत होतं. सर असं काय बोलता, तुमच्यासारखं इंग्रजी कुणाचं आहे, असं एखादा जुना विद्यार्थी तरी म्हणेल, मग आपण हातानं त्याला खाली बसवू, इतकं सगळं त्यांनी मनात ठरवून ठेवलं होतं. कुणी उठलं नाही. मागच्या रांगेतून एकजण शेजाऱ्याला हळूच म्हणाला की बघ, मी दहावीतच सांगून राहिलो होतो. ते सरांनी स्वच्छ ऐकलं.

वैजनाथनं ठराव वाचला. श्री. देविदास राठोड यांना इंग्रजी येत नाही, असे ही ग्रामसभा ठरवते. सूचक सरपंच भिकाबाई. “अनुमोदक?” असं तो विचारतो न विचारतो तोच बायकांच्या रांगेतून पहिला हात वर गेला. तो रूपाबाईंचा होता.

मग जे झालं ते पंचायत स्थापन झाल्यापासून झालं नव्हतं. तांड्याचे हात वर गेले, हे समजू शकतो, त्यांना कार्यालय वाचवायचं होतं. पण वाघळवाडीचेही गेले. कुणी सरांच्या हातून तीनदा नापास झालं होतं, कुणाची सोयरीक पत्रिकेवरच्या लाल खुणांमुळं चेष्टेचा विषय झाली होती, कुणी नुसतंच बाकावर उभं राहिलं होतं. हा मनात साठलेला इतक्या वर्षांचा माल, आणि सरकारी कागदावर तो उतरवायची संधी पुन्हा कधी येणार? मुख्यालय कुणाच्या ध्यानात राहतंय. हरिचंदचा लेक इंग्रजीतच राहिला होता. बापानं तर दोन्ही हात वर केले. आपण नेमकं काय मंजूर करून राहिलो आणि त्यानं आपल्या गावाचं काय गेलं, हे त्याच्या डोक्यात शिरलं तोवर वैजनाथनं मोजणी संपवली होती. आणि उठून ‘थांबा थांबा’ म्हणायला गेलेल्या हरिचंदला त्याच्याच गावच्या माणसांनी गप्प बसायला सांगितलं.

“विरोधात?” वैजनाथनं नियमाप्रमाणं विचारलं.

इकडून तिकडं एकही हात नव्हता. सरांनी सगळी सभा एकदा नीट पाहून घेतली. त्यांचा स्वतःचा उजवा हात तेवढा हळूहळू वर जाऊन राहिला होता, तो भिकाबाईंनी मनगटाला धरून खाली ओढला.